फोनमधला खेळ चारचौघांत

मोबाइलवरचा खेळ टीव्हीच्या पडद्यावर दिसू लागला की घरातली पहिली प्रतिक्रिया बहुधा तक्रारीची असते. ‘फोन कमी पडला म्हणून आता टीव्हीही गेला,’ हे वाक्य थोड्याफार फरकाने सगळीकडे ऐकू येते आणि त्यामागची काळजी खोटी नसते. तरीही स्क्रीन मिररिंग करून, म्हणजे फोनचा पडदा जसाच्या तसा टीव्हीवर उमटवून, फोनवरचे खेळ टीव्हीवर खेळण्याची जी सोय आज अनेक फोनांत आणि टीव्हींत असते, तिच्याकडे केवळ आणखी एक चैन किंवा व्यसनाचा आणखी एक रस्ता म्हणून पाहणे मला पटत नाही. चित्र मोठे होते हा त्यातला सर्वांत किरकोळ भाग आहे. किंबहुना निव्वळ चित्राचा विचार केला तर हा सौदा अनेकदा तोट्याचाच ठरतो. मोलाची गोष्ट ही की, एरवी मान खाली घालून, ओंजळीएवढ्या पडद्यावर, एकट्याने चाललेला खेळ चारचौघांत येतो. तो तसा येऊ शकावा ही बाब मी सार्वजनिक हिताची मानतो, आणि म्हणूनच कोणत्या कंपनीचा फोन कोणत्या कंपनीच्या टीव्हीशी जुळतो यावर ती अवलंबून असता कामा नये, असे माझे म्हणणे आहे.

टीव्हीवर खेळ आला तेव्हा तो मुळात एकट्यासाठी नव्हताच. १९७२ मध्ये अमेरिकेत विक्रीला आलेल्या मॅग्नावॉक्स ओडिसी या पहिल्या घरगुती खेळयंत्राबरोबर दोन कंट्रोलर येत असत. यंत्राला आवाज नव्हता, रंग नव्हते. पडद्यावर काही पांढरे ठिपके आणि एक रेघ एवढेच उमटे, आणि मैदान दाखवण्यासाठी पारदर्शक प्लास्टिकचा रंगीत तक्ता टीव्हीच्या काचेवर चिकटवावा लागे. गुण मोजण्याचीही त्या यंत्राची ताकद नव्हती. ते खेळणाऱ्यांनी नाहीतर शेजारी बसलेल्यांनी कागदावर मांडायचे. म्हणजे पंच, प्रेक्षक आणि भांडण मिटवणारा ही सगळी कामे खोलीतल्या माणसांकडेच होती. पुढे यंत्रे हुशार झाली, गुण आपोआप मोजले जाऊ लागले, पण एकाच पडद्यासमोर दोघा-चौघांनी बसायचे ही रीत बराच काळ टिकली. १९९७ मध्ये नोकिया ६११० या फोनवर सापाचा खेळ आला, तेव्हा दोन फोन इन्फ्रारेडने जोडून दोघांना एकत्र खेळता येत होते खरे, पण प्रत्येकाची नजर आपापल्या पडद्यावर. २००८ मध्ये ॲप स्टोअर सुरू झाले आणि खेळाने खिशातच बिऱ्हाड केले.

या स्थलांतरात हरवला तो बघ्या. बुद्धिबळाचा पट मांडला की कुणीतरी शेजारी उभा राहतोच. तो स्वतः कधी खेळत नाही, पण ‘घोडा उचलू नकोस’ असे न विचारता सांगतो, चुकला तर हसतो आणि डाव संपल्यावर तो पहिल्यापासून कसा खेळायला हवा होता याचे व्याख्यान देतो. खेळणाऱ्याला त्याचा त्रास होतो. तरीही तो नसेल तर डावाला रंग भरत नाही. फोनवरच्या खेळात या माणसाला जागाच उरलेली नाही. दुसऱ्याच्या खांद्यावरून त्याच्या फोनमध्ये डोकावणे आपण असभ्य मानतो, आणि ते योग्यच आहे, कारण त्याच पडद्यावर त्या माणसाची पत्रे, छायाचित्रे आणि बँकेचा हिशेबही असतो. बघ्याची भूक मात्र मेलेली नाही. २०११ मध्ये सुरू झालेल्या ट्विच या संकेतस्थळावर आणि यूट्यूबवर लोक अनोळखी माणसांचे खेळ तासन्‌तास बघतात. घरातल्या घरात मात्र अवस्था अशी की, पलीकडच्या खुर्चीत बसलेला भाऊ काय खेळतो आहे, कोणाशी खेळतो आहे, जिंकतो आहे की रडकुंडीला आला आहे, हे शेजारच्याला ठाऊक नसते. मिररिंगमुळे ही अवस्था बदलते. या सोयीविषयी मला जे काही वाटते त्याचे मूळ इथे आहे.

परंतु बाजू मांडायची तर उणिवा झाकून मांडता येत नाही, आणि उणिवा बऱ्याच आहेत. टीव्हीवर नुसता व्हिडिओ ‘कास्ट’ करताना फोन फक्त पत्ता सांगतो आणि टीव्ही किंवा त्याला लावलेले उपकरण तो व्हिडिओ इंटरनेटवरून स्वतः आणते. फोनचा पडदा बंद करून तो खिशात टाकला तरी चालते. मिररिंगमध्ये खेळ फोनमध्येच चालू असतो. प्रत्येक चित्र फोनने तयार करायचे, त्याची नक्कल घ्यायची, ती दाबून लहान करायची, हवेतून पाठवायची आणि टीव्हीने ती उलगडून दाखवायची, असा हा सगळा द्राविडी प्राणायाम असतो. दाबून लहान करण्याला पर्याय नाही. १९२० गुणिले १०८० ठिपक्यांचे चित्र सेकंदाला ६० वेळा जसेच्या तसे पाठवायचे म्हटले तर सेकंदाला सुमारे ३ गिगाबिट माहिती होते, आणि घरगुती वाय-फायला एवढा भार सातत्याने पेलत नाही. चित्र राउटरमार्गे जात असेल आणि टीव्हीही वाय-फायवर असेल तर तीच माहिती हवेतून दोनदा जाते, आधी फोनपासून राउटरपर्यंत आणि मग राउटरपासून टीव्हीपर्यंत. त्यात बहुतेक टीव्ही हाती आलेले चित्र दाखवण्यापूर्वी रंग गडद करणे, कडा ठळक करणे, हालचाल गुळगुळीत करणे असे आपले सोपस्कार उरकून घेतात. प्रत्येक टप्प्यावर थोडा थोडा वेळ जातो आणि त्या सगळ्याची बेरीज म्हणजे खेळणारे ज्याला ‘लॅग’ म्हणतात तो उशीर.

हा उशीर मोजायला प्रयोगशाळा लागत नाही. मी फोनवर स्टॉपवॉच सुरू केले, फोनचा पडदा टीव्हीवर घेतला, फोन टीव्हीच्या कडेला उभा धरला आणि दुसऱ्या फोनने दोन्ही पडद्यांचा एकत्र फोटो काढला. फोटोत फोनवर १४.६२ सेकंद दिसत होते आणि टीव्हीवर १४.४५. असे पाच-सहा फोटो काढले. फरक मागेपुढे झाला, पण सेकंदाच्या सातव्या भागाखाली काही आला नाही. टीव्हीच्या सेटिंग्जमध्ये शिरून ‘गेम मोड’, म्हणजे चित्रावरचे हे सोपस्कार टाळण्याची सोय, चालू केल्यावर तो जरा घटला, आणि वाय-फाय सोडून केबल लावली तेव्हा दोन्ही आकडे जवळजवळ जुळून आले, कारण केबलमधून चित्र दाबून पाठवावे लागत नाही. सेकंदाला ६० चित्रे धरली तर एक चित्र सुमारे १७ मिलिसेकंद टिकते. १७० मिलिसेकंदांचा उशीर म्हणजे टीव्ही फोनच्या दहा चित्रे मागे. डोळ्यांनी पाहून बोट हलवायला माणसाला साधारण पाव सेकंद लागतो. त्यात ही भर पडली की शर्यतीच्या खेळातली गाडी वळणावर हमखास भिंतीत जाते आणि नेमबाजीच्या खेळात गोळी सुटेपर्यंत समोरचा निघून गेलेला असतो. तालावर बोट मारायच्या खेळांचे तर नावच काढू नये. उलट बुद्धिबळ, कॅरम, लुडो, शब्दकोडी, ठोकळे जुळवण्याचे आणि शहरे वसवण्याचे खेळ यांना दहा चित्रांच्या उशिराने काही बिघडत नाही. मिररिंग कशासाठी वापरावे हा निम्मा प्रश्न या एका मोजमापात सुटतो, आणि मौज अशी की जे खेळ उरतात ते नेमके चौघांनी मिळून डोके चालवण्याचे असतात.

आकाराचेही असेच. हल्लीच्या बऱ्याच फोनांचा पडदा २०:९ प्रमाणाचा असतो आणि टीव्हीचा १६:९. फोन आडवा धरला तर टीव्हीची चार पंचमांश उंची भरते आणि वर-खाली काळ्या पट्ट्या राहतात. हे चालण्यासारखे आहे. पण फोनवरचे कितीतरी खेळ उभा फोन एका हातात धरून खेळायचे असतात, आणि उभे चित्र टीव्हीवर घेतले की पडद्याच्या रुंदीचा जेमतेम चौथा हिस्सा वापरला जातो. मोठ्या काळ्या भिंतीत एक अरुंद खिडकी उघडावी तसा तो प्रकार दिसतो. त्याहून अवघड गोष्ट स्पर्शाची. फोनवरची बटणे ही बटणे नसतातच. काचेवर काढलेली चित्रे असतात आणि आपली नजर बोटाला तिथपर्यंत नेत असते. नजर टीव्हीवर गेली की अंगठा आंधळा होतो, चाचपडतो, आणि शेवटी खेळणारा मान खाली घालून पुन्हा फोनकडेच बघू लागतो. टीव्ही मग इतरांसाठी उरतो. मला यात वाईट काही दिसत नाही. खेळणारा फोनकडे आणि बाकीचे टीव्हीकडे पाहत असले तरी बघ्याची सोय झालीच. फक्त ‘मोठ्या पडद्यावर खेळा’ ही जाहिरात खरी नव्हती एवढे कळते. ब्लूटूथ गेमपॅड, म्हणजे खऱ्या बटणांचा हातात धरायचा कंट्रोलर, जोडला तर खेळणाऱ्याची नजरही वर येते, मात्र गेमपॅड ओळखणारे खेळ मोजकेच आहेत.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. मध्यंतरी माझी नऊ वर्षांची भाची तिच्या आईच्या फोनवरचा शेती करण्याचा खेळ टीव्हीवर घेऊन खेळत होती आणि आम्ही तिघे-चौघे समोर बसलो होतो. पीक कापणीला यायच्या ऐन वेळी पडद्यावर सोन्याच्या कडांची एक पेटी आली, तिच्यावर रत्ने चमकली आणि खाली घड्याळ उलटे चालू लागले. फक्त दहा मिनिटे, नंतर ही संधी नाही. तिच्या आजीने चष्मा सावरत विचारले, ‘अगं, या रत्नांना खरे पैसे पडतात का?’ भाचीने मान न वळवता उत्तर दिले, ‘नाही गं आजी, खरे नाहीत. आईच्या फोनमधून जातात.’ आम्ही सगळे हसलो, आणि मग बहिणीने हसू आवरून फोन हातात घेतला. दर खरेदीला पासवर्ड मागण्याची सेटिंग त्याच संध्याकाळी लागली. ती पेटी त्याआधीही रोजच येत असणार, पण ती सहा इंचांच्या पडद्यावर, एका मुलीच्या डोळ्यांपुढे येत होती आणि तिथून परस्पर निघून जात होती.

हे एका घरापुरते असते तर लेखात आणले नसते. लहान मुलांनी पालकांच्या संमतीविना केलेल्या अशा खरेद्यांच्या प्रकरणात अमेरिकेत ग्राहकहित जपणाऱ्या फेडरल ट्रेड कमिशन या सरकारी संस्थेने जानेवारी २०१४ मध्ये ॲपलला ग्राहकांचे किमान ३ कोटी २५ लाख डॉलर परत करायला लावले. त्याच वर्षी गूगलने किमान १ कोटी ९० लाख डॉलर परत करण्याचे मान्य केले. ॲपलच्या प्रकरणातला एक तपशील लक्षात ठेवण्याजोगा आहे. पालकांनी एकदा पासवर्ड टाकला की पुढची १५ मिनिटे मुलाला तो पुन्हा न विचारता हवी तितकी खरेदी करता येत असे. त्या १५ मिनिटांत काय चालले आहे हे शेजारच्या खोलीतल्याच काय, शेजारच्या खुर्चीतल्या माणसालाही दिसत नव्हते. आत काय निघेल हे न सांगता पैसे घेणाऱ्या ‘लूट बॉक्स’ पेट्यांना बेल्जियमच्या नियामकाने २०१८ मध्ये जुगार ठरवले. कायदे हवेतच, आणि ते कडक हवेत. परंतु कायदा होईपर्यंत आणि झाल्यावरही, कुणीतरी बघत असणे ही या धंद्यावरची सर्वांत स्वस्त वेसण आहे. उलटे चालणारे घड्याळ एकट्या माणसाला घाई करू शकते; पाच जणांसमोर ते हास्यास्पद दिसते.

यावर पहिला आक्षेप असा येईल की, मी पाळत ठेवण्याला बघण्याचे गोड नाव देतो आहे. हा आक्षेप मला सर्वांत गंभीर वाटतो. नऊ वर्षांच्या मुलीची गोष्ट वेगळी आणि पंधरा वर्षांच्या मुलाची वेगळी. त्या वयात माणसाला स्वतःचे म्हणून काही हवे असते, आणि खेळ हा त्यातला एक निरुपद्रवी कोपरा असतो. ‘खेळायचे असेल तर टीव्हीवरच खेळ’ असा नियम जो घालेल तो खेळही घालवील आणि मुलाचा विश्वासही. शिवाय मिररिंग सुरू असताना फोनवर आलेला निरोप टीव्हीवर सर्वांसमोर उतरतो. मैत्रिणीचा असो, डॉक्टरांचा असो, त्याला काही पडदा राहत नाही. नोटिफिकेशन बंद ठेवण्याची सोय बहुतेक फोनांत आहे, पण ती आपणहून लक्षात ठेवून लावावी लागते. खरे तर मिररिंग सुरू होताच ती आपोआप लागली पाहिजे आणि ज्याला निरोप दाखवायचेच आहेत त्याने ती उठवावी. म्हणून माझे म्हणणे सोयीपुरतेच आहे, सक्तीचे नाही. खेळणाऱ्याला वाटेल तेव्हा त्याने चित्र टीव्हीवर टाकावे आणि वाटेल तेव्हा काढून घ्यावे. नियमाने जमवलेले बघे बघत नाहीत, राखण करतात.

दुसरा आक्षेप वेळेचा. पडदा मोठा झाला की ओढही वाढते, आणि एकाचा खेळ चौघांचा वेळ खातो. यात तथ्य आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये पाच वर्षांखालील मुलांसाठी जी मार्गदर्शक तत्त्वे दिली, त्यांत दोन ते चार वर्षांच्या मुलांनी बसून पडद्यापुढे घालवायचा वेळ दिवसाला एका तासापेक्षा जास्त नसावा, कमी असल्यास उत्तम, असे म्हटले आहे. तिथे पडदा फोनचा की टीव्हीचा असा भेद केलेला नाही. टीव्हीवर आला म्हणून खेळ पथ्याचा होत नाही, आणि तसे मानणाऱ्यांपैकी मी नाही. डोळ्यांच्या बाबतीतही अतिशयोक्ती नको. ३० सेंटिमीटरवरच्या फोनकडे पाहताना डोळ्याच्या भिंगाला सव्वातीन डायॉप्टरच्या (भिंगाची ताकद मोजण्याचे एकक) आसपास जोर लावावा लागतो आणि अडीच मीटरवरच्या टीव्हीसाठी अर्ध्या डायॉप्टरपेक्षाही कमी, एवढे साधे गणित खरे आहे. पण खेळणारा दर दोन सेकंदांनी खाली फोनकडे बघत असेल तर हा फायदा त्याच्या वाट्याला फारसा येत नाही. माझा दावा मर्यादित आहे. टीव्ही ही घरातली सामाईक वस्तू असते. ती अडली की बातम्या बघायच्या असलेला माणूस कुरकुर करतो, पाळी लावावी लागते, ‘आता पुरे’ म्हणणारे कुणीतरी निघते. फोनवरच्या खेळात ही कुरकुर होत नाही, कारण तिथे कुणाचेच काही अडत नाही. ज्या तक्रारीने हा लेख सुरू झाला ती तक्रार, म्हणजे टीव्ही अडवल्याची, मला या व्यवस्थेतला दोष वाटत नाही. खेळाला घरातून लागणारा लगाम तोच आहे.

आता या सोयीच्या वाटेत घातलेल्या भिंतींविषयी. वाय-फाय अलायन्स या उद्योगसंघाने २०१२ मध्ये मिराकास्ट हे मानक आणले तेव्हा अपेक्षा अशी होती की, ते असलेला कोणताही फोन कोणत्याही टीव्हीवर चित्र दाखवील, मध्ये राउटरचीही गरज नाही. त्याच वर्षी अँड्रॉइडच्या ४.२ आवृत्तीत ते दाखलही झाले. तोवर ॲपलने २०११ मध्ये एअरप्ले या आपल्या स्वतःच्या पद्धतीवर मिररिंग सुरू केलेले होते. २०१३ मध्ये गूगलने टीव्हीला लावायचे क्रोमकास्ट हे स्वतःचे उपकरण काढले, आणि पुढे गूगलच्या स्वतःच्या फोनांतून मिराकास्ट काढून टाकले. आज परिस्थिती अशी की, एका घरात तीन फोन आणि एक टीव्ही असेल तर कोणता फोन टीव्हीला चालेल हे लावून बघितल्याशिवाय कळत नाही, आणि त्याच सोयीला प्रत्येक फोननिर्माता सेटिंग्जमध्ये वेगळे नाव देतो. या भिंती तंत्रज्ञानाने घातलेल्या नाहीत. आपल्याच घरच्या टीव्हीवर आपल्याच फोनचे चित्र आपल्याच इच्छेने दाखवण्याआड जे येते ते बाजारातले वैर आहे. युरोपीय आयोगाला हे मान्य झालेले दिसते. मार्च २०२५ मध्ये त्याने ॲपलला दिलेल्या आदेशांमुळे आयफोनवरून टीव्हीवर चित्र पाठवण्यासाठी एअरप्लेला पर्याय देणे इतर कंपन्यांना शक्य व्हावे, असा त्याचा उद्देश आहे. ॲपलने त्याविरुद्ध न्यायालयात धाव घेतली आहे.

केबलची गोष्ट याहून चमत्कारिक आहे. वायरलेसचा उशीर नको असेल तर केबल हा सरळ उपाय, हे वर आलेच. युरोपीय संघाने कायदा करून २८ डिसेंबर २०२४ पासून तिथे विकल्या जाणाऱ्या नव्या फोनांना चार्जिंगसाठी यूएसबी-सी खाच सक्तीची केली आणि त्यामुळे जगभर एकाच आकाराची खाच रूढ होण्याला जोर मिळाला. खाचेचा आकार एक झाला, आतला गुण मात्र एक झाला नाही. काही फोनांच्या खाचेतून टीव्हीला चित्र जाते. बाहेरून हुबेहूब तशाच दिसणाऱ्या इतर कितीतरी फोनांच्या खाचेतून फक्त वीज आणि फायली जातात. बघून ओळखायला मार्ग नाही. केबल विकत आणावी, दोन्ही टोके जोडावी आणि टीव्हीने ‘सिग्नल नाही’ म्हणून कळवावे, हा अनुभव ज्यांनी घेतला आहे त्यांना मी काय म्हणतो ते समजेल. त्याच युरोपीय कायद्याने फोनच्या खोक्यावर चार्जर आत आहे की नाही याचे चित्र आणि फोनला किती वॉट लागतात याची चिठ्ठी छापणे बंधनकारक केले आहे. त्या चिठ्ठीशेजारी टीव्हीचे एक लहानसे चित्र, चित्र जात असेल तर साधे आणि जात नसेल तर फुली मारलेले, एवढे छापायला शाई किती लागेल? प्रत्येक स्वस्त फोनमध्ये ती सोय असलीच पाहिजे असा हट्ट मी धरणार नाही, कारण तिला खर्च आहे. ती आहे की नाही हे विकत घेण्याआधी कळावे, एवढी मागणी तरी अवाजवी नाही.

कुणी म्हणेल, टीव्हीवर खेळायचे तर टीव्हीचे यंत्र घ्यावे, फोनचे शेपूट कशाला जोडायचे? निंटेंडोने २०१७ मध्ये आणलेले स्विच हे यंत्र हातातही खेळता येते आणि खोबणीत ठेवले की टीव्हीवरही. आत मोबाइल उपकरणांसाठी घडवलेल्या जातीचीच चिप आहे. म्हणजे फोनच्या वकुबाचे यंत्र टीव्हीवर उत्तम चालू शकते हे सिद्धच आहे. परंतु ते वेगळे यंत्र आहे, त्याचे खेळ वेगळे घ्यावे लागतात, आणि ते परवडणाऱ्यांचीच सोय त्याने होते. फोनवरचे खेळ टीव्हीवर आणण्यासाठी स्वतंत्र स्वस्त डबा विकण्याचा प्रयत्न ऊया या कंपनीने केला होता. २०१२ मध्ये लोकांनी तिला वर्गणीतून सुमारे ८६ लाख डॉलर दिले, २०१३ मध्ये डबा बाजारात आला आणि २०१५ मध्ये तिचे सॉफ्टवेअर रेझर या कंपनीने विकत घेतले. डब्याचा कारभार तिथेच आटोपला. मला दुसरा मार्ग अधिक आवडतो. खेळ टीव्हीवर चालावा आणि प्रत्येकाचा फोन त्याचा कंट्रोलर व्हावा. जॅकबॉक्सचे मेजवानीतले खेळ २०१४ पासून असेच चालतात. आपले उत्तर आपल्या फोनवर गुपचूप लिहायचे आणि निकाल सर्वांसमोर. पण त्यासाठी खेळच तसा रचावा लागतो, आणि फोनवरचे बहुसंख्य खेळ तसे रचलेले नाहीत. खेळ बनवणाऱ्यांनी निदान एवढे तरी करावे: टीव्ही जोडलेला दिसला की चित्र आडवे पसरावे, बटणे फक्त फोनवर ठेवावीत आणि टीव्हीवर नुसता खेळ दाखवावा. टीव्हीसाठी वेगळे चित्र पाठवण्याची सोय फोनच्या प्रणालींमध्ये फार पूर्वीपासून आहे. तिचा उपयोग करणारे खेळ मात्र विरळा.

एक धोका मात्र मला अनुत्तरित राहू द्यायचा नाही. आपण टीव्ही बघतो तेव्हा टीव्हीही आपल्याला बघत असू शकतो. पडद्यावर काय चालले आहे याची सेकंदासेकंदाची नोंद मालकाला न विचारता घेतल्याबद्दल व्हिझिओ या टीव्ही कंपनीने फेब्रुवारी २०१७ मध्ये अमेरिकेत २२ लाख डॉलर भरून प्रकरण मिटवले. नोंद घेतलेल्या टीव्हींची संख्या १ कोटी १० लाख होती, आणि नोंद फक्त टीव्हीवरच्या कार्यक्रमांची नव्हे तर बाहेरून जोडलेल्या उपकरणांवरून येणाऱ्या चित्रांचीही होत होती. फोनमधली खासगी वस्तू सामाईक पडद्यावर आणायला सांगणाऱ्याने हे लपवून चालणार नाही. चारचौघे म्हणजे घरातले चारचौघे. त्यांत टीव्ही बनवणारा पाचवा धरलेला नाही. अशी नोंद मुळात बंदच असली पाहिजे आणि ज्याला ती द्यायची आहे त्याने ती स्वतः सुरू करावी. तसे होईपर्यंत टीव्हीच्या सेटिंग्जमध्ये शिरून, दोन-तीन पायऱ्या उतरून, ती सोय शोधावी आणि बंद करावी.

गेल्या वेळी फोन बदलायचा होता तेव्हा मी दुकानात एकच प्रश्न विचारला: या खाचेतून टीव्हीला चित्र जाते का? विक्रेत्याने खोके फिरवून चारही बाजू वाचल्या. कॅमेऱ्याचे मेगापिक्सेल मोठ्या अक्षरांत होते, बॅटरी होती, रंगाचे नाव होते. याविषयी काही नव्हते. त्याने सहकाऱ्याला विचारले, सहकाऱ्याने कंपनीच्या माणसाला फोन लावला, आणि तिकडून ‘वाय-फायवरून जाते’ असे न विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर आले. शेवटी मी पिशवीतून माझी केबल काढली. तिचे एक टोक दुकानात मांडलेल्या टीव्हीला आणि दुसरे नमुन्याच्या फोनला लावले, आणि आम्ही चौघे वर बघत उभे राहिलो.